बोलले ते घडले : वाचासिद्धीची कल्पना आणि शब्दाचा अधिकार

तोंडून निघालेला शब्द जसाच्या तसा घडून यावा, या सामर्थ्याला मराठीत वाचासिद्धी म्हणतात. 'दगड हो' म्हटले की समोरचे माणूस दगड होते, 'तिळा तिळा दार उघड' म्हटले की डोंगरातली गुहा उघडते, 'तुझा निर्वंश होईल' म्हटले की पुढच्या पिढीत दिवा लावायला कोणी उरत नाही. एरवी शब्द जगाविषयी काहीतरी सांगतो, इथे तो जगच बदलतो. जगातल्या बहुतेक कथापरंपरांना ही कल्पना माहीत आहे. प्राग शहरातल्या यहुद्यांच्या दंतकथेत मातीच्या पुतळ्याच्या कपाळावर 'सत्य' असे कोरले की तो चालू लागतो आणि त्यातले पहिले अक्षर पुसले की पुन्हा माती होतो. उर्सुला ल ग्विन यांच्या 1968 सालच्या 'अर्थसी' कादंबरीतल्या मांत्रिकाला वस्तूचे खरे नाव कळले की ती वस्तू त्याच्या ताब्यात येते. बोर्हेस यांच्या 1940 सालच्या एका कथेत तर काही विद्वान मिळून एका काल्पनिक जगाचा ज्ञानकोश लिहितात आणि हळूहळू त्या जगातल्या वस्तू खऱ्या जगात सापडू लागतात.

मराठी मुलखात ही कल्पना पुस्तकांपुरती राहिलेली नाही. बुलढाणा जिल्ह्यातले वडनेर भोलजी हे नांदुरा आणि मलकापूर यांच्या दरम्यान महामार्गावर वसलेले गाव. त्याच्या पूर्वेला गजानन महाराजांचे शेगाव आहे. उत्तरेला जळगाव जामोद तालुक्यातले भेंडवळ, जिथे दर अक्षय्य तृतीयेला घट मांडून वर्षाचे भाकीत सांगितले जाते. पश्चिमेला महामार्गाने पुढे गेले की मुक्ताईनगर आणि तिथून जवळच तापी-पूर्णेच्या संगमावर चांगदेवांचे देऊळ. शब्दाच्या सामर्थ्याविषयी मराठी माणसाने जे जे मानले आहे, त्याचे जवळजवळ सगळे नमुने एवढ्या टापूत सापडतात.

शापाचे नियम

बोललेले खरे होते म्हणून काहीही बोलून चालत नाही. पुराणकथांमध्ये या सामर्थ्याला काटेकोर नियम आहेत. पहिला नियम असा की सुटलेला शब्द परत घेता येत नाही. शाप देणाऱ्या ऋषीला पश्चात्ताप झाला तरी शाप रद्द होत नाही, त्याला उःशाप जोडावा लागतो. अहल्येची शिळा होणे टळत नाही, रामाच्या पायाचा स्पर्श झाला की मुक्ती, एवढी पुरवणी मिळते. कुंतीने आत बसून, न पाहता, 'जे आणले ते पाचही जणांनी वाटून घ्या' म्हटले आणि द्रौपदीचे आयुष्य ठरून गेले. ती अनवधानाने बोलली होती हे सगळ्यांना ठाऊक होते, तरी शब्द मोडला नाही.

दुसरा नियम उच्चाराचा. शब्द जसा उमटेल तसा फळतो, मनात काय होते याला किंमत नाही. कुंभकर्णाला इंद्रासन मागायचे होते. वर मागताना सरस्वती जिभेवर बसली, तोंडून 'निद्रासन' निघाले आणि तो सहा-सहा महिने झोपला. याहून सूक्ष्म गोष्ट वृत्रासुराची आहे. इंद्राला मारणारा पुत्र व्हावा म्हणून त्वष्ट्याने यज्ञ केला, पण 'इंद्रशत्रु' या शब्दातला स्वर चुकीच्या जागी पडला. अर्थ उलटला, 'इंद्र ज्याचा मारेकरी आहे असा' पुत्र जन्माला आला आणि मारला गेला. पतंजलीने महाभाष्याच्या आरंभी व्याकरण का शिकावे हे सांगताना या चुकीचा दाखला दिला आहे. व्याकरणातली चूक म्हणजे परीक्षेतले गुण जाणे एवढेच मानणाऱ्या आजच्या वाचकाला हे नवल वाटेल, पण वैदिक उच्चारपरंपरेने एकेका स्वरावर घेतलेल्या मेहनतीमागे हीच श्रद्धा होती.

तिसरा नियम सर्वांत महत्त्वाचा आहे आणि मराठी कथांनी सर्वांत जास्त तोच तपासला. शब्द कोणाचाही फळत नाही, तो अधिकाऱ्याचाच फळतो. पुराणात हा अधिकार तपाने मिळतो. समाजात तो जन्माने मिळतो असे सांगितले जाई. वाद तिथेच सुरू झाला.

रेडा, भिंत आणि इंद्रायणी

महाराष्ट्रातल्या तीन प्रसिद्ध चमत्कारकथा शेजारी ठेवून पाहाव्यात. संन्याशाची मुले म्हणून वाळीत पडलेली निवृत्ती, ज्ञानदेव, सोपान आणि मुक्ताबाई ही भावंडे शुद्धिपत्रासाठी पैठणला गेली. तिथल्या सभेत ज्ञानदेवाच्या नावावरून थट्टा झाली. नावात काय आहे, रस्त्याने चाललेल्या त्या रेड्याचे नावही ज्ञानाच आहे, असे कोणी म्हणाले. आख्यायिका सांगते की ज्ञानदेवाने त्या रेड्याच्या मस्तकावर हात ठेवला आणि रेडा वेद बोलू लागला. ज्या ऋचा उच्चारायला जन्माचा दाखला लागत होता, त्या एका जनावराच्या तोंडून निघाल्या.

दुसरी कथा चांगदेवांची. चौदाशे वर्षे जगलेले, योगबळाने काळाला चुकवणारे चांगदेव ज्ञानदेवाला पत्र लिहायला बसले. वयाने लहान म्हणून आशीर्वाद लिहावा, की ज्ञानाने मोठा म्हणून नमस्कार? मायनाच ठरेना, म्हणून त्यांनी कागद कोराच पाठवला. त्या कोऱ्या कागदाला ज्ञानदेवांनी पासष्ट ओव्यांचे उत्तर दिले, तीच 'चांगदेव पासष्टी'. मग चांगदेव वाघावर बसून, हाती सापाचा चाबूक घेऊन भेटीला निघाले, तेव्हा ही भावंडे बसलेली भिंतच त्यांना सामोरी चालत गेली. आळंदीत ती भिंत आजही दाखवतात. जिवंत प्राण्यावर सत्ता चालवणे सोपे, निर्जीवाने आज्ञा मानणे अवघड, हा त्या कथेचा रोख आहे. पुढे चांगदेवांनी मुक्ताबाईला गुरू केले. एका मुलीच्या शब्दापुढे चौदाशे वर्षांचा योगी नमला. मुक्ताबाईचे समाधिस्थान मुक्ताईनगरच्या परिसरातच आहे. पूर्वी एदलाबाद म्हणून ओळखले जाणारे ते गाव आता तिच्या नावाने ओळखले जाते.

तिसरी कथा देहूची. शूद्राने वेदार्थ सांगू नये असा आक्षेप रामेश्वरभट्टांनी घेतला आणि तुकारामांना आपल्या वह्या इंद्रायणीत बुडवाव्या लागल्या. तेरा दिवसांनी त्या कोरड्या वर आल्या, असे परंपरा सांगते. इथे शब्दाने पाण्याला आज्ञा केली नाही, पाण्यानेच शब्दाला हात लावला नाही. पुढे रामेश्वरभट्ट तुकोबांचे शिष्य झाले.

या तिन्ही कथांत निसर्गाचा नियम मोडतो आणि तिन्ही वेळा प्रश्न एकच असतो : बोलण्याचा अधिकार कोणाचा? पंडितांची सभा नाही म्हणते तेव्हा रेडा, भिंत आणि नदी साक्षीला येतात. माणसांनी नाकारलेला अधिकार निसर्गाकडून मिळवून देणे, हे मराठी संतचरित्रांतल्या चमत्काराचे खरे काम आहे. म्हणून या कथांची खरे-खोटेपणापुरती तपासणी करून थांबणारा वाचक त्यातली मुख्य गोष्ट हातची घालवतो.

शेगावच्या गजानन महाराजांच्या कथा या परंपरेतल्या, पण त्यांचा पोत वऱ्हाडी आहे. महाराज 23 फेब्रुवारी 1878 रोजी शेगावात प्रथम दिसले आणि 8 सप्टेंबर 1910 रोजी त्यांनी समाधी घेतली. दासगणू महाराजांच्या 21 अध्यायांच्या 'श्रीगजानन विजय' ग्रंथात एका अक्षय्य तृतीयेची गोष्ट आहे. जानकीराम सोनाराने सणाच्या दिवशी चिलमीसाठी विस्तव द्यायला नकार दिला. महाराजांनी बंकटलालाला नुसती काडी चिलमीवर धरायला सांगितली आणि विस्तवाशिवाय चिलीम पेटली. तिकडे सोनाराच्या घरच्या चिंचवण्यात अळ्या दिसू लागल्या. दुसरी गोष्ट अकोलीच्या शेताची. भास्कर पाटलाने पाणी नाकारले, तेव्हा महाराजांनी विठ्ठलाचा धावा केला आणि शेजारच्या कोरड्या विहिरीला पाणी आले. पूर्णेच्या खोऱ्यातला मोठा पट्टा खारपाणपट्टा आहे. तिथे विहीर खणली तरी हाती लागते ते अनेकदा खारे पाणी. अशा मुलखाने शब्दाकडे सोने मागितले नाही, गोडे पाणी मागितले.

घरातले शब्द

वाचासिद्धीवरचा विश्वास सिद्धपुरुषांपुरता राहत नाही, तो रोजच्या बोलण्यात मुरतो. मराठी घरात दिवा विझवत नाहीत, मालवतात. बांगडी फुटली असे म्हणत नाहीत, वाढवली म्हणतात. दुकानदार संध्याकाळी दुकान बंद करत नाही, वाढवतो. नारळ फोडला जात नाही, वाढवला जातो. जे संपते, फुटते किंवा मिटते, त्याच्यासाठी वाढीचा शब्द वापरला की संपणे टळते, असा हा हिशेब. घरातून निघताना 'जातो' म्हणायचे नसते, 'येतो' म्हणायचे असते. रात्री सापाचे नाव घ्यायचे नाही, त्याला 'जनावर' किंवा 'लांबडं' म्हणायचे. ऐन दिवेलागणीला अभद्र बोलायचे नाही, कारण वास्तुपुरुष तथास्तु म्हणत असतो. एखाद्याच्या जिभेवर काळा डाग असला तर त्याचे वाईट बोलणे खरे होते असे मानतात. मांडवात बसून मांडवाला आग लागल्याचे बोलणारा म्हणीतला नाऱ्या याच धास्तीतून जन्मला.

या नियमांचा भार सगळ्यांवर सारखा नव्हता. नवऱ्याचे नाव घेतले तर त्याचे आयुष्य कमी होते, ही समजूत फक्त बायकोच्या जिभेवर पहारा ठेवत होती. नवरा बायकोला दिवसातून पन्नास वेळा हाक मारू शके, तिने मात्र 'अहो' किंवा 'अमक्याचे बाबा' म्हणायचे. लग्नकार्यात नाव घ्यायची परवानगी मिळे ती यमक जुळवलेल्या उखाण्यातून. उखाणा आज हौसेचा भाग झाला आहे आणि त्यात कल्पकतेला भरपूर वाव आहे. त्यामागची मूळ बंदी मात्र अधिकाराचीच होती : कोणाच्या तोंडून निघालेला शब्द धोक्याचा, हे आधी ठरवले गेले होते.

जिथे शब्द चालत नाही

काही ठिकाणी शब्दाची मर्यादा स्पष्टपणे सांगावी लागते. साप चावला की मांत्रिकाकडून विष 'उतरवून' घेण्याची रीत खेड्यापाड्यांत खोल रुजलेली होती आणि पूर्ण गेलेली नाही. मंत्राने माणूस वाचल्याची उदाहरणे लोक सांगतात, ती खोटी नसतात. त्यांचे कारण वेगळे असते. आपल्याकडे आढळणाऱ्या सापांपैकी बहुसंख्य बिनविषारी आहेत. धामण, दिवड किंवा तस्कर चावला तर माणूस तसाही मरणार नसतो. विषारी सापही प्रत्येक चाव्यात पुरेसे विष टोचतोच असे नाही. अशा प्रत्येक वाचलेल्या माणसाचे श्रेय मंत्राच्या खात्यावर जमा होते.

नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे या चौघांच्या दंशात मात्र मंत्रात घालवलेला प्रत्येक तास जीवावर बेततो. नाग आणि मण्यार यांचे विष मज्जातंतूंवर परिणाम करते, पापण्या मिटू लागतात आणि श्वास थांबतो. घोणस आणि फुरशाच्या विषाने रक्त गोठण्याची क्रिया बिघडते. यावर उपाय प्रतिसर्पविषाचा. घोड्यांना थोडेथोडे विष टोचून त्यांच्या रक्तात तयार होणाऱ्या प्रतिद्रव्यांपासून ते बनवतात. मुंबईच्या हाफकिन संस्थेत ते तयार होत आले आहे. विंचवाच्या बाबतीत महाडचे डॉ. हिंमतराव बावस्कर यांनी लाल विंचवाच्या दंशावर प्राझोसिन हे औषध वापरून कोकणातले मृत्यू मोठ्या प्रमाणात कमी करून दाखवले. त्याआधी तिथेही विंचू उतरवणाऱ्यांचीच चलती होती.

धीराचा शब्द रुग्णाची भीती कमी करतो, वेदना सुसह्य करतो, हे वैद्यकशास्त्रही मानते. पण रक्तातले विष शब्द ऐकत नाही. महाराष्ट्राच्या 2013 सालच्या जादूटोणाविरोधी कायद्याने याची नोंद घेतली आहे. साप, विंचू किंवा कुत्रा चावलेल्या माणसाला वैद्यकीय उपचारांपासून रोखून मंत्रतंत्र आणि गंडेदोरे करणे हा त्या कायद्याखाली गुन्हा आहे. डॉ. नरेंद्र दाभोलकर या कायद्यासाठी वर्षानुवर्षे झटले आणि 20 ऑगस्ट 2013 रोजी त्यांची हत्या झाल्यानंतर तो अमलात आला.

भेंडवळचा घट

भाकीत हा शब्दसामर्थ्याचा आणखी एक प्रकार, आणि तो अधिक गुंतागुंतीचा आहे. भेंडवळची घटमांडणी सुमारे तीनशे वर्षांपूर्वी चंद्रभान महाराज वाघ यांनी सुरू केली असे सांगतात आणि वाघ घराण्यानेच ती चालवली आहे. अक्षय्य तृतीयेच्या संध्याकाळी गावाबाहेरच्या शेतात मोठे वर्तुळ आखून त्यात गहू, ज्वारी, तूर, मूग, उडीद, हरभरा, तीळ, सरकी अशी अठरा प्रकारची धान्ये मांडतात. मधल्या खड्ड्यात मातीची चार ढेकळे ठेवतात, ती पावसाळ्याचे चार महिने. त्यांच्यावर पाण्याने भरलेली घागर आणि तिच्यावर पुरी, पापड, सांडोळी, कुरडई, करंजी. पुरी म्हणजे पृथ्वी, सांडोळी-कुरडई म्हणजे गुरांचा चारा, करंजी म्हणजे तिजोरी, पानाच्या विड्यावरची सुपारी म्हणजे राजा. रात्रभर तिकडे कोणी फिरकत नाही. पहाटे कोणते धान्य कुठे सरकले, कोणते ढेकूळ किती भिजले, विडा जागेवर आहे की नाही हे पाहून पाऊस, पीक, भाव आणि 'राजा कायम' आहे का, हे जाहीर केले जाते. विदर्भ-खानदेशातून शेतकरी ते ऐकायला येतात.

रात्रीत किडामुंगीने, वाऱ्याने, ओलाव्याने धान्य हलते. त्याचा अरबी समुद्रावरून येणाऱ्या मोसमी वाऱ्यांशी संबंध जोडायला कोणताही आधार नाही आणि अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कार्यकर्त्यांनी हा आक्षेप वेळोवेळी घेतला आहे. तो बरोबर आहे. तरीही भाकिताचा प्रत्यक्ष जगावर काहीच परिणाम होत नाही असे म्हणता येणार नाही. पाऊस भाकीत ऐकत नाही, पण शेतकरी ऐकतो. तुरीला भाव राहील असे ऐकून कोणी कपाशीचे दोन एकर तुरीखाली आणतो. असे पुष्कळांनी केले तर त्या भागातले पिकांचे क्षेत्र खरोखर बदलते. समाजशास्त्रज्ञ रॉबर्ट मर्टन यांनी 1948 साली एका निबंधात ही क्रिया समजावून सांगितली. बँक बुडणार अशी खोटी बातमी पसरली, लोकांनी रांगा लावून ठेवी काढल्या आणि धडधाकट बँक खरोखर बुडाली, हे त्यांचे उदाहरण.

शेतीत बहुधा याच्या उलट घडते. भाव चढणार हा शब्द सगळ्यांनी खरा मानला की माल वाढतो आणि भाव पडतो. 2015 साली तूरडाळ किलोला दोनशे रुपयांवर गेली. संयुक्त राष्ट्रांनी 2016 हे कडधान्य वर्ष म्हणून जाहीर केले, सरकारनेही कडधान्ये पेरण्याचे आवाहन केले आणि पाऊसही बरा झाला. पुढच्या हंगामात तूर इतकी आली की 5050 रुपये हमीभाव असूनही बाजारात तो मिळेना आणि खरेदी केंद्रांपुढे गाड्यांच्या रांगा लागल्या. भेंडवळच्या घटाला जाब विचारणाऱ्यांनी असा जाब अधिकृत आवाहनांनाही विचारायला हवा.

उच्चारताच घडणारे

भाकिताला फळायला हंगाम लागतो. काही शब्द मात्र उच्चारताच जग बदलतात आणि त्यात चमत्कार नसतो. जे. एल. ऑस्टिन या इंग्रज तत्त्वज्ञाने 1955 साली हार्वर्ड विद्यापीठात दिलेल्या व्याख्यानांत याची मांडणी केली. ती 1962 साली, त्यांच्या मृत्यूनंतर, पुस्तकरूपाने आली. 'मी वचन देतो' हे वाक्य वचनाची माहिती देत नाही, तेच वचन असते. अशा वाक्याला खरे-खोटे लावता येत नाही. ते लागू पडते किंवा फसते. लागू पडायला योग्य माणूस, योग्य जागा आणि मान्य रीत लागते. पुराणातल्या शापाचे नियम आणि ऑस्टिन यांचे नियम यांच्यात विलक्षण साम्य आहे. फरक एवढाच की पुराणात शब्दाला बळ तपातून मिळते आणि इथे ते ऐकणाऱ्यांच्या संमतीतून मिळते.

बाजार समितीतली हर्राशी पाहिली की हे लगेच कळते. ढिगाभोवती व्यापारी उभे राहतात, बोली चढते, शेवटचा आकडा पुकारला जातो आणि धान्य तिथल्या तिथे मालक बदलते. एक दाणाही हललेला नसतो. तलाठ्याने केलेली फेरफाराची नोंद मंजूर झाली की सातबारावरचे नाव बदलते. बांध, विहीर, निंबाचे झाड जिथल्या तिथे असते, पण आता त्या झाडाची फांदी तोडायला कोणाची परवानगी लागेल हे बदललेले असते. लग्नात 'सावधान' झाले आणि अंतरपाट सरला की दोन घरांचे नाते बदलते. तोच शब्द ऐकून समर्थ रामदास बोहल्यावरून निघून गेले, अशी आख्यायिका आहे. शब्द फळण्यासाठी ऐकणाऱ्याची साथ लागते, हे याहून चांगले कोणी सांगितलेले नाही.

अधिकाराचा जुना वाद आधुनिक काळात इथेच पुन्हा उभा राहिला. पुरोहिताच्या मंत्रांशिवाय लग्न लागत नाही, असे मानणाऱ्या समाजात जोतीराव फुले यांनी 1873 साली सत्यशोधक समाज स्थापन केला आणि त्याच वर्षी पुरोहिताविना लग्ने लावायला सुरुवात केली. वधूवर एकमेकांना समजेल अशा मराठीत वचन देत. 1899 साली कोल्हापुरात वेदोक्त प्रकरण उभे राहिले. शाहू महाराजांसाठी वेदोक्त मंत्र म्हणायचे की पुराणोक्त, यावरून छत्रपतींनाच अडवले गेले. पैठणच्या सभेत रेड्याने दिलेल्या उत्तराची सहाशे वर्षांनंतरही गरज संपली नव्हती. फुल्यांनी मात्र चमत्काराची वाट पाहिली नाही. शब्दाला बळ देणारी रीत माणसांनीच ठरवली आहे, तेव्हा ती माणसांना बदलता येते, हे त्यांनी कृतीने दाखवून दिले.

ऐकणाऱ्यांच्या संमतीवर चालणारे सामर्थ्य वाईट हातांतही तितकेच चालते. 1 जुलै 2018 रोजी धुळे जिल्ह्यातल्या साक्री तालुक्यात, राईनपाड्याच्या बाजारात, नाथपंथी डवरी गोसावी समाजाच्या पाच जणांना जमावाने ठार मारले. मुले पळवणारी टोळी फिरते आहे, हा मजकूर त्याआधी मोबाइलवरून फिरत होता. भिक्षेकरी म्हणून आलेली पाच माणसे त्या एका शब्दाने त्या जमावाच्या डोळ्यांत टोळी झाली. तो शब्द प्रथम कोण बोलले, त्याला बोलण्याचा काय अधिकार होता, हे कोणी विचारले नाही. पुराणातल्या शापाला निदान शाप देणारा तरी असतो.

'दुष्काळ' हा शब्द

बुलढाण्यासारख्या जिल्ह्यात ज्या शब्दावर सर्वाधिक माणसांचे वर्ष अवलंबून असते, तो शब्द सरकारच्या हाती आहे. पाऊस न होणे वेगळे आणि दुष्काळ असणे वेगळे. शेत करपले, विहीर आटली, गुरे विकली गेली, तरी सरकारी अर्थाने दुष्काळ जाहीर व्हावा लागतो. पूर्वी त्यासाठी आणेवारी आणि नंतर पैसेवारी पाहत. गावातल्या पिकांची सरासरी उत्पादनाशी तुलना करून आकडा काढायचा. तो पन्नास पैशांच्या आत आला तर गाव टंचाईग्रस्त. आधी नजरअंदाज, मग सुधारित आणि वर्षअखेर अंतिम पैसेवारी जाहीर होते. केंद्राच्या 2016 सालच्या संहितेनंतर पावसाचा खंड, जमिनीतला ओलावा, उपग्रहातून दिसणारी पिकांची हिरवाई आणि भूजल यांचे निर्देशांक पाहून तालुका ठरवला जातो.

शब्द जाहीर झाला की बऱ्याच गोष्टी प्रत्यक्षात बदलतात. जमीन महसुलात सूट मिळते, पीककर्जाचे पुनर्गठन होते, शेतीकर्जाची वसुली थांबते. कृषिपंपाच्या चालू बिलात 33.5 टक्के सवलत मिळते आणि थकबाकीसाठी पंपाची जोडणी तोडता येत नाही. विद्यार्थ्यांचे परीक्षा शुल्क माफ होते, रोजगार हमीचे निकष सैल होतात, गरज असेल तिथे टँकर येतो. एका शब्दाने विहिरीला पाणी येत नाही, पण दारात टँकर येतो. शब्द थांबला तर तोही थांबतो.

म्हणून या शब्दाभोवतीची काटकसर समजून घ्यायला हवी. 2015-16 च्या भीषण अवर्षणात सरकारी कागदांत 'दुष्काळसदृश परिस्थिती' असा शब्दप्रयोग होता. मराठवाडा आणि विदर्भातली हजारो गावे त्यात मोडत होती. प्रकरण मुंबई उच्च न्यायालयात गेले. अखेर मे 2016 मध्ये सरकारने न्यायालयात सांगितले की जिथे जिथे 'दुष्काळसदृश' म्हटले आहे, तिथे 'दुष्काळ' असे वाचावे. 'सदृश' हा एक शब्द गाळण्यासाठी नागरिकांना न्यायालयाची पायरी चढावी लागली.

31 ऑक्टोबर 2023 रोजी राज्याने 40 तालुक्यांत दुष्काळ जाहीर केला. बुलढाणा जिल्ह्यातले बुलढाणा आणि लोणार हे दोन तालुके त्यात होते, वडनेर भोलजी ज्या तालुक्यात येते तो नांदुरा नव्हता. त्यानंतर राज्यातल्या हजाराहून अधिक महसुली मंडळांसाठी वेगळा निर्णय निघाला. त्यातला शब्द पुन्हा 'दुष्काळसदृश' हाच होता.